नकलेच्या पाठीमागचा शिक्का बघितलात का?

मागच्या अंकात अपघाताच्या क्लेमवर लिहिलं आणि त्यानंतर जी पत्रं, मेसेज आले त्यातल्या निम्म्याहून जास्त लोकांचं म्हणणं एकच, मॅडम उशीर झालाय आता काही होईल का. म्हणून या वेळी फक्त उशिराचेच प्रश्न घेतलेत. नावं कुणाचीच देत नाही, गावंही मोघमच ठेवलीत.

प्रश्न : माझे मिस्टर २०१८ साली अपघातात गेले, वय ३४, टेम्पो चालवायचे. मागं मी, दोन मुलं आणि सासूबाई. सांगलीच्या कोर्टात केस चालली, १४ ऑगस्ट २०२३ ला निकाल लागला, १० लाख ९४ हजार आणि ७ टक्के व्याज. वकील म्हणाले मिळतंय ते घ्या, वर गेलात तर आहे ते पण जाईल. मी द्राक्षबागेत कामाला जाते, मला यातलं काय कळत नाही. आता भाचा वकिलीचं शिकतोय तो म्हणतो रक्कम कमी दिलीय, अपील करायला पाहिजे होतं. अडीच वर्षं झाली. आता होईल का? आणि केलं तर मिळालेले पैसे परत द्यावे लागतील का? (तासगाव तालुका)

उत्तर : ताई, भाचा बरोबर बोलतोय, आणि तुम्ही निकालाच्या नकलेचे फोटो पाठवलेत म्हणून मला नीट बघता आलं. गंमत म्हणजे पुढची सगळी पानं सरळ आणि स्वच्छ आहेत आणि मला जे सगळ्यात आधी बघायचं होतं तो शेवटच्या पानाच्या पाठीमागचा शिक्का, त्याचाच फोटो तिरका आणि अर्धा बोटाखाली. तरी तारखा वाचता आल्या. नकलेसाठी अर्ज २१ ऑगस्ट, नक्कल तयार १८ सप्टेंबर, नक्कल दिली ६ ऑक्टोबर. ह्या तीन ओळींवर अपिलाची मुदत मोजतात हे निम्म्या लोकांना माहीतच नसतं.

मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ प्रमाणे क्लेमच्या निकालावर हायकोर्टात अपील करायला ९० दिवस असतात, निकालाच्या तारखेपासून. तुमचे ९० दिवस १२ नोव्हेंबर २०२३ ला भरले, नेमकं लक्ष्मीपूजन आणि वर रविवार, पण त्याची काळजी नको कारण नक्कल मिळवण्यात जो वेळ गेला तो मुदत कायद्याच्या कलम १२ प्रमाणे वजा होतो. वजा होतो तो अर्जापासून नक्कल तयार होईपर्यंतचा, म्हणजे तुमचे २९ दिवस. नक्कल तयार होऊन नक्कल विभागात पडून राहिली आणि आणायला कोणी गेलंच नाही तो १८ सप्टेंबर ते ६ ऑक्टोबरचा वेळ तुमच्या खात्यावर. तर खरी शेवटची तारीख ११ डिसेंबर २०२३. तिथून आजपर्यंत सव्वादोन वर्षांच्या आसपास उशीर, अडीच नाही. फरक थोडा वाटतो पण उशीर माफ करा म्हणून अर्ज करताना त्यात दिवसांचा आकडा टाकावा लागतो आणि तो चुकला की ऑफिस ऑब्जेक्शन निघतं, म्हणजे कोर्टाचं ऑफिस अर्जात चूक काढतं, मग परत दुरुस्ती, परत महिना.

आता मुख्य, इतक्या उशिरा कोर्ट घेईल का. कलम १७३ मध्येच लिहिलंय की मुदतीत न येण्याला पुरेसं कारण होतं असं कोर्टाला पटलं तर ९० दिवसांनंतरही अपील घेता येतं, आणि इतकेच दिवस असं वरचं बंधन कायद्यात नाही. सुप्रीम कोर्टाने १९८७ मध्ये काश्मीरमधल्या एका भूसंपादनाच्या केसमध्ये सांगितलं होतं की रोजच्या रोज उशिराचा हिशेब द्या याचा अर्थ अगदी तासातासाचा, मिनिटामिनिटाचा हिशेब मागणं नव्हे, जरा व्यवहाराने बघा. तो निकाल आजही प्रत्येक अर्जात टाकतात, मीही टाकते, पण खरं सांगायचं तर फक्त तेवढ्यावर भागत नाही. अलीकडे कोर्टं विचारतात की कारण काय ते सांगा, नुसतं गरीब आहे अडाणी आहे हे कारण नाही. अपघाताच्या क्लेममध्ये विधवा बाई, लहान मुलं असं असेल तर सहसा सांभाळून घेतात हे मी स्वतः बघितलंय, तरी घेतीलच असं लिहून द्यायला मी तयार नाही.

तुमच्या शपथपत्रात काय यायला पाहिजे ते सांगते. निकाल लागला तेव्हा तुम्हाला कोणी काय सांगितलं, कधी सांगितलं. सासूबाई आजारी होत्या असं तुम्ही पत्रात एका ओळीत लिहिलंय, ती ओळ नका अशी जाऊ देऊ, मिरजेला कुठल्या महिन्यात ॲडमिट होत्या, कार्ड, बिलं, डिस्चार्जचा कागद, जे घरात असेल ते शोधा. ऑक्टोबरात छाटणी सुरू झाली की पुढं विरळणी, डिपिंग, तुम्ही पहाटे बागेत जाता ते संध्याकाळी येता हे पण लिहा, ते खरं आहे तर लाजायचं कशाला. भाच्याला कधी कागद दाखवले ती तारीख टाका, आणि त्या तारखेनंतर लगेच हालचाल केलीत हे दिसलं पाहिजे. लोक इथंच फसतात, दोन वर्षांचं कारण देतात आणि कळल्यानंतरचे सहा महिने तसेच मोकळे सोडतात. आणि एक, "आमच्या वकिलानेच सांगितलं नाही" हे वाक्य जपून वापरा. खरं असेल तर लिहा, पण कोर्टाने ते हजार वेळा ऐकलेलं असतं आणि वकिलाबद्दल तक्रार कुठंच केलेली नसली की विश्वास बसत नाही.

मुलं लहान आहेत म्हणून मुदत चालू राहते का असंही भाच्याने विचारलंय. नाही राहत. अज्ञानपणाची, म्हणजे वय १८ च्या आत असण्याची, सवलत दाव्याला आणि दरखास्तीला (निकालाच्या वसुलीच्या अर्जाला) आहे, अपिलाला नाही.

आता पैसे खरंच कमी मिळालेत का. बघा, कोर्टाने उत्पन्न महिना ८,००० धरलं, एक तृतीयांश वजा केलं, १६ ने गुणलं, १० लाख २४ हजार, वर ७० हजार इतर. १६ चा गुणक, म्हणजे वर्षाच्या रकमेला वयाप्रमाणे ज्या आकड्याने गुणतात तो, बरोबर आहे, ३१ ते ३५ वयाला १६, हे २००९ च्या सरला वर्मा निकालापासून ठरलेलं. पण त्याच निकालात असंही आहे की अवलंबून असणारे चार ते सहा असतील तर वैयक्तिक खर्चापोटी एक चतुर्थांशच वजा करायचा. तुम्ही चौघं आहात. दुसरी चूक मोठी, ३१ ऑक्टोबर २०१७ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींनी प्रणय सेठी केसमध्ये सांगितलं की स्वतःचा धंदा किंवा ठरलेला पगार असणारा माणूस ४० च्या आत गेला तर उत्पन्नात ४० टक्के भविष्यातली वाढ धरायची. ती तुमच्या निकालात कुठंच नाही. म्हणजे ८,००० चे ११,२००, वर्षाचे १,३४,४००, त्यातून चौथा हिस्सा काढला की १,००,८००, गुणिले १६, १६ लाख १२ हजार ८००. आणि ते ७० हजार म्हणजे सहचर्यापोटी (माणसाची साथ गेली त्याबद्दल) ४०, अंत्यविधीचे १५ आणि मालमत्तेच्या नुकसानीचे १५, पण त्यातले ४० एकदाच दिलेत. २०१८ च्या एका निकालानंतर मुलांना आणि आईलाही ते वेगवेगळे मिळतात, शिवाय दर तीन वर्षांनी १० टक्के वाढ. मी ४४ हजार गुणिले चार आणि ३३ हजार असे २ लाख ९ हजार धरलेत. एकूण १८ लाख २१ हजार ८००. फरक ७ लाख २७ हजार ८००. वाद १ लाखाच्या आतला असेल तर अपीलच होत नाही (आधी १० हजार होते, १ एप्रिल २०२२ पासून १ लाख झाले), तो अडथळा तुम्हाला नाही.

उशिराची किंमत मात्र मोजावी लागेल. बहुतेक वेळा कोर्ट उशीर माफ करतं पण अट घालतं की वाढीव रकमेवर उशिराच्या काळाचं व्याज मिळणार नाही. ७ टक्क्याने ७ लाख २७ हजारांवर वर्षाला जवळपास ५१ हजार. सव्वादोन वर्षांचा हिशेब तुम्हीच करा. म्हणून हे वाचल्यावर "यंदाचा हंगाम होऊ दे मग बघू" असं करू नका, त्या बघू बघूला महिन्याला सव्वाचार हजार लागतात.

आणि तुमची भीती, आहे ते पण जाईल का. घेतलेले पैसे घेतले म्हणून अपील बंद होत नाही आणि मुलांच्या नावची एफडी आहे तशी राहते. धोका एवढाच की तुम्ही अपील केलंत की विमा कंपनीला पण क्रॉस ऑब्जेक्शन, म्हणजे तुमच्याच अपिलात उलट हरकत, टाकून रक्कम कमी करा म्हणायचा हक्क मिळतो. पण २०१८ साली लायसन असलेल्या टेम्पो ड्रायव्हरचं उत्पन्न ८,००० धरलंय, त्याच्या खाली कुठलं कोर्ट जाणार. मला तरी तुमच्या केसमध्ये हा धोका नावापुरता वाटतो.

कुठं जायचं, तर आता मुंबईला जायचं नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि कोल्हापूर असे सहा जिल्हे तिकडं. मी इतकी वर्षं मिरजेहून रात्री महालक्ष्मी एक्सप्रेस धरून सकाळी सीएसएमटीला उतरायचे, तिथून फोर्टात चालत, आणि बऱ्याचदा मॅटर बोर्डावर पोचायचंच नाही, परत रात्रीची गाडी. तुम्ही सकाळच्या एसटीने जाऊन संध्याकाळी घरी याल. फीची काळजी असेल तर बाईला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, विधी सेवा कायदा १९८७, कलम १२. जिल्हा कोर्टातच विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस असतं, आधार आणि निकालाची नक्कल घेऊन जा. "पैसे नकोत, मिळाले की वीस टक्के द्या" म्हणणारे भेटतील, ते बार कौन्सिलच्या नियमात बसत नाही. आमच्यातलेच करतात म्हणून सांगते.

प्रश्न : माझा मुलगा गवंडी, अपघातात त्याचा उजवा पाय गुडघ्याखाली गेला. मार्च २०२४ मध्ये १४ लाखांचा निकाल लागला. विमा कंपनीने एक रुपया भरला नाही, आम्ही वाट बघत राहिलो. आता हायकोर्टाची नोटीस आलीय, कंपनीने ४१० दिवस उशिरा अपील केलंय आणि स्टे (वसुलीला स्थगिती) पण मागितलाय. आमचं एक दिवस इकडं तिकडं झालं तर चालत नाही आणि कंपनीचं चालतं का? (लातूर जिल्हा)

उत्तर : काका, तुमचा राग बरोबर आहे पण वाट कशाची बघत होता. निकालानंतर ३० दिवसात पैसे भरायचे असतात, नाही भरले तर त्याच कोर्टात वसुलीचा अर्ज, म्हणजे आपण दरखास्त म्हणतो ती, लगेच टाकायची. ती आधी टाका. नुसतं अपील केलं म्हणून वसुली थांबत नाही, स्टे मिळाला तरच थांबते. आणि दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश ४१, नियम ३अ असा आहे की अपील मुदतीबाहेरचं असेल तर उशिराचं काय ते ठरवून अपील ऐकायला घेईपर्यंत कोर्टाने स्टे द्यायचा नाही. तुमच्या वकिलांना हा नियम नंबरासकट सांगा, रागवतील पण वापरतील.

कंपनीच्या अर्जाची प्रत तुम्ही पाठवलीय ती वाचली. फाईल ब्रँचमधून डिव्हिजनल ऑफिसला, तिथून रिजनल ऑफिसला, मग वकिलाचं ओपिनियन, मग परत मंजुरी, मग डीडी. मी गेली वीस वर्षं हाच पॅरेग्राफ वाचतेय, फक्त तारखा बदलतात. पोस्ट खात्याच्या २०१२ च्या एका केसमध्ये सुप्रीम कोर्टाने ४२७ दिवसांचा उशीर माफ करायला नकार दिला आणि म्हटलं की फाईल टेबलावरून टेबलावर फिरते हे कारण आजच्या काळात चालणार नाही, सरकारी खात्याला वेगळी मुदत नाही. सरकारला नाही तर विमा कंपनीला कुठून असणार. तुमचं उत्तर शपथपत्रावर द्या आणि त्यात विचारा की निकालाची प्रत कधी मिळाली, ब्रँचमध्ये किती दिवस पडली, प्रत्येक टप्प्याची तारीख कुठाय. तारखा मागितल्या की अर्ज पातळ होतो.

पण इथं एक पेच आहे आणि तो नीट समजून घ्या. तुमच्या मुलाला १४ लाख कमी पडलेत असं तुम्हाला वाटत असेल, आणि पाय गेलेल्या गवंड्याला कमीच आहेत माझ्या मते, तर कंपनीच्या अपिलाची नोटीस मिळाल्यापासून महिन्याच्या आत तुम्ही क्रॉस ऑब्जेक्शन टाकू शकता, तुमचे स्वतःचे ९० दिवस कधीच संपले असले तरी. कंपनीने दार उघडलं, तुम्ही आत शिरलात. कंपनीने नंतर अपील मागं घेतलं तरी तुमचं ऐकलं जातं. मात्र कंपनीचं अपील उशिराच्याच कारणावरून फेटाळलं गेलं तर तुमचं क्रॉस ऑब्जेक्शन पण त्याच्याबरोबर पडतं, सुप्रीम कोर्टाने तसं सांगितलंय. म्हणजे एका हाताने कंपनीच्या उशिराला विरोध करायचा आणि दुसऱ्या हाताने त्याच अपिलावर टेकायचं, हे दोन्ही एकदम जमत नाही. मग काय करायचं, वाढीव रक्कम खरंच मोठी निघत असेल तर विलंब माफीच्या अर्जासकट स्वतःचं अपील टाका आणि कंपनीच्या उशिराला बिनधास्त विरोध करा. वाढ लाख दीड लाखाचीच असेल तर नाद सोडा, विरोध करा आणि १४ लाख व्याजासकट पदरात पाडा. हा हिशेब छत्रपती संभाजीनगरला हायकोर्टात उभं राहणाऱ्या वकिलाबरोबर बसून करा, नोटिशीच्या पाकिटावर पोस्टाचा शिक्का आहे ते पाकीट फेकू नका, महिना तिथून मोजायचाय.

बाकीच्या वाचकांसाठी, निकाल तुमच्या बाजूने लागला की त्याच आठवड्यात हायकोर्टात कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश करू नका असा अर्ज, टाकून ठेवा. ९० दिवस चालतं, मग परत टाकायचं. तुम्हाला न ऐकता स्टे मिळत नाही.

प्रश्न : माझ्या ट्रॅक्टरने अपघात झाला होता, इन्शुरन्स संपलेला होता. मला कोर्टाचा कागद कधी मिळालाच नाही. आता तलाठ्याने सांगितलं की ९ लाखांची वसुली आलीय, सातबाऱ्यावर बोजा चढणार. निकाल दोन वर्षांपूर्वीचा आहे. (पुणे जिल्हा)

उत्तर : क्लेम कोर्टाच्या निकालाची रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते, कलम १७४, म्हणून कागद तलाठ्याकडे आला (आता ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं, पण कोण म्हणतंय). तुमच्यापुढं दोन वाटा. समन्स खरंच बजावलं गेलं नसेल तर त्याच कोर्टात एकतर्फी निकाल रद्द करा म्हणून अर्ज, निकाल कळल्यापासून ३० दिवसात, म्हणजे तलाठी ज्या दिवशी घरी आला ती तारीख आज वहीत लिहून ठेवा. आधी केसची फाईल बघायचा अर्ज करून समन्सवर बेलिफने काय शेरा मारलाय ते बघा. "घेण्यास नकार" लिहिलेलं असेल किंवा घरातल्या कोणाची सही असेल तर "मिळालाच नाही" हे चालणार नाही, आणि बायकोने सही करून कागद फडताळात ठेवला हे मी एकदा नाही चारदा बघितलंय. दुसरी वाट हायकोर्टात उशिराच्या माफीसह अपील, त्याला आधी २५ हजार किंवा रकमेच्या निम्मे, जे कमी असेल ते भरावे लागतात, तुमच्यासाठी २५ हजार. पण ते भरले म्हणून वसुली थांबली असं समजू नका, स्टे वेगळा मागावा लागतो आणि त्याला कोर्ट बरीच मोठी रक्कम भरायला सांगू शकतं.

प्रश्न : लोकअदालतीत ६ लाखात तडजोड केली, आता वाटतं घाई झाली. अपील करता येईल का? (नाशिक)

उत्तर : नाही. लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नाही, मुदतीत पण नाही आणि मुदतीनंतर पण नाही. सही फसवून घेतली असेल तर हायकोर्टात रिट अर्ज करता येतो, पण घाई झाली, कमी मिळाले, नातेवाईक ओरडले ही कारणं त्यात बसत नाहीत.

प्रश्न : भाऊ अपघातात गेला त्याला नऊ महिने झाले, क्लेम अजून टाकलेला नाही. सहा महिन्यात टाकायचा असतो म्हणतात, आता दार बंद का? (चिपळूण)

उत्तर : हा अपिलाचा प्रश्न नाही पण घेते कारण चुकीचं ऐकून लोक घरी बसतायत. १९८८ च्या कायद्यात मुळात सहा महिने होते, १९९४ मध्ये ती मुदत काढून टाकली, म्हणून आमच्या जुन्या अशिलांना वाटतं कधीही चालतं. २०१९ च्या दुरुस्तीने ती परत आणली आणि १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. त्या तरतुदीलाच सुप्रीम कोर्टात आव्हान दिलंय आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये तिथं अंतरिम आदेश झालाय की फक्त सहा महिन्यांच्या मुदतीवरून क्लेम फेटाळू नका. अंतिम निकाल काय लागेल ते लागेल, आत्ता दार उघडं आहे. पोलीस स्टेशनमधून एफआयआर, स्पॉट पंचनामा, मरणोत्तर पंचनामा, पीएम रिपोर्ट आणि गाडीच्या इन्शुरन्सची प्रत घ्या आणि या आठवड्यात दाखल करा. क्लेम तुम्ही राहता त्या जिल्ह्यात पण टाकता येतो, अपघात हायवेवर दुसऱ्या जिल्ह्यात झाला असला तरी, त्यामुळे तिकडं हेलपाटे मारायची गरज नाही. पत्रात वहिनींचा उल्लेख नाही, अर्जदार त्या आणि मुलं असतील, तुम्ही नाही, तेव्हा सह्या त्यांच्या घ्या.